फक्त अख्खी फळे

बंडूशेठ गेल्याचा फोन आला तेव्हा मी भाकरी थापत होते. "बरं झालं," म्हणाले आणि तव्यावरची भाकर उलटवली. फोनवर माझी मावसबहीण होती, ती दचकली. गेलेल्या माणसाबद्दल असं बोलू नये आपा, म्हणाली. काहून बोलू नये? तो जिवंत होता तोवर आमच्याबद्दल चारचौघांत काय बोलत होता ते मी माझ्या कानांनी ऐकलंय, आणि माझे कान अजून शाबूत आहेत. लेकी म्हणतात, अम्मी, केस पांढरे झाले, आता तरी सोड. सोडायचं असतं तर हे लिहायला बसलेच नसते. मोठ्या मनाची माणसं आपल्या आत्मचरित्रात सगळ्यांना माफ करून टाकतात, असं मी वाचलेलं आहे. त्यांना करू द्या. मला स्टँडवरच्या आमच्या दुकानाबद्दल सांगायचं आहे, आणि ते गोड बोलून सांगता येत नाही.

आमचं गाव तालुक्याचं. पुसदच्या, उमरखेडच्या, यवतमाळच्या गाड्या स्टँडमध्ये शिरायच्या, वळायच्या आणि सगळी धूळ आमच्या सफरचंदांवर टाकून निघून जायच्या. अब्बांचं फळांचं दुकान स्टँडच्या आत, पुसदच्या फलाटासमोर. आम्ही बागवान. आजोबा डोक्यावर टोपली घेऊन गावोगाव फिरले; अब्बांनी बऱ्याच खटपटी करून स्टँडच्या आत बसायचा परवाना मिळवला. तो काचेत मढवून मागच्या पत्र्याला टांगलेला असायचा, आणि सकाळी अब्बा आधी ती काच पुसायचे, मग फळं. परवान्यात लिहिलेलं होतं: फक्त ताजी, अख्खी फळे. त्याखाली बारीक अक्षरांत मनाई: कापलेली, सोललेली, मीठमसाला लावलेली, रस काढलेली. ते सगळं बंडूशेठच्या कँटीनकडे जात होतं, कारण त्याच्या परवान्यात 'तयार खाद्यपदार्थ व पेये' होती. पेपरवाल्याने पेपर विकायचा पण पेन नाही, पानवाल्याने पान विकायचं पण बिस्किटाचा पुडा नाही. आमची हद्द फळाच्या सालीपाशी संपत होती. आतला गर म्हणजे जणू बंडूशेठच्या बापाचा माल. तशीच वागणूक होती त्याची.

गंमत अशी, की कापलेलं फळ तो स्वतः कधी विकतच नव्हता. त्याच्याकडे भजी, मिसळ आणि काळपट चहा. पण आम्ही विकू नये याची राखण मात्र डोळ्यांत तेल घालून करायचा. गल्ल्यावर तो असा तिरपा बसायचा, की एक डोळा कढईवर आणि एक आमच्यावर. जाम, म्हणजे तुमच्या पुण्यामुंबईकडचा पेरू, आमच्याकडे चिरून मीठ-तिखट लावून खायची पद्धत. एका म्हाताऱ्याला दात नव्हते म्हणून अब्बांनी जाम चिरून दिला, तर हा कँटीनमधून ओरडला, "ओ बागवान! परवाना वाचून दाखवू का?" म्हातारा बिचारा घाबरला आणि जाम तिथंच ठेवून गाडीत जाऊन बसला. एकदा अम्माने रडणाऱ्या लेकराला संत्रं सोलून दिलं, तर लगेच कंट्रोलर वानखडेंच्या खोलीत तक्रार गेली, फळवाल्याच्या बायकोने सोललेला माल दिला म्हणून. कँटीनचं खरकटं पाणी तो मुद्दाम आमच्या पुढ्यातल्या नालीत ओतायला लावायचा, आणि माशा आल्या की प्रवाशांना म्हणायचा, पाहा, बागवानाचा माल. अम्मा भांडायला उठायची. अब्बा तिचा पदर धरून खाली बसवायचे. "जाऊ दे ना. त्याचं तोंड त्याच्याजवळ." मला अब्बांच्या ह्या 'जाऊ दे'चा इतका राग यायचा, की काय सांगू.

उन्हाळ्यात मात्र आमचं दुकान बघण्यासारखं असायचं. पैनगंगेच्या पात्रातलं पाणी ओसरलं की वाळूत लोक टरबुजं लावतात, त्याला आमच्याकडे डांगरवाडी म्हणतात. अब्बा स्वतः नदीवर जायचे. वेलावरचं एकेक टरबूज कानाशी धरून ठोकायचे, देठाची वाळलेली शेपटी बघायचे, खालचा पिवळा डाग बघायचे आणि मगच घ्यायचे. घरी अम्मा सालीच्या आतल्या पांढऱ्या गराची लसूण आणि लाल तिखट घालून भाजी करायची. भाकरीबरोबर ती भाजी मला आजही लागते. इथं शहरात मी साली मागून घेते आणि भाजीवाला मला वेडी समजतो. बिया धुऊन पत्र्यावर वाळत घालायच्या. त्या सोलता सोलता आमची नखं दुखायची. घरात आम्ही आमची हिंदी बोलायचो, जिला खरे हिंदीवाले हसतात. इथं ती मी मराठीतच लिहिते आहे, कारण मला आता भांडणसुद्धा मराठीतच सुचतं.

टरबूज विकायची बागवानांची एक रीत आहे. गिऱ्हाइकाने बोट ठेवलं, की विकणाऱ्याने चाकूच्या टोकाने त्यात तिकोनी तुकडा कापायचा, आत पार गरापर्यंत, आणि चाकूवरच तो गिऱ्हाइकापुढे धरायचा. त्याला टांकी लावणं म्हणतात. लाल निघालं तर गिऱ्हाईक नेणार. पांढरं निघालं तर ते टरबूज दुकानदाराचं, गिऱ्हाइकाला दुसरं द्यायचं. आजोबा म्हणे टांकी लावल्याशिवाय सख्ख्या भावालाही टरबूज देत नसत. आता सांगा, टांकी लावलेलं टरबूज अख्खं की कापलेलं? बरीच वर्षं हा प्रश्न कोणाच्या डोक्यात आला नाही. अब्बा तुकडा दाखवायचे, परत भोकात बसवायचे, आणि गिऱ्हाईक टरबूज काखेत मारून गाडीत चढायचं. बंडूशेठलासुद्धा त्यात काही वावगं दिसलं नव्हतं.

मग कापसाची ती वाईट वर्षं आली. त्यांच्यावर पुष्कळांनी लिहिलंय, मोठमोठी माणसं गाड्या घेऊन येऊन लिहून गेली. मी दुकानातून जे दिसलं तेवढंच सांगते. पूर्वी उरलासुरला कापूस विकून परतणारा माणूस आमच्या ढिगापुढे उकिडवा बसायचा आणि सगळ्यात मोठं टरबूज उचलायचा. आता तोच माणूस टरबूज उचलायचा, दोन्ही हातांत जोखायचा, आणि झोपलेल्या लेकराला ठेवावं तसं अलगद परत ठेवायचा.

"अर्धं देता का, चाचा?"

"अर्धं नाही देता येत, भाऊ."

"काहून? अर्ध्यात काय वाईट हाय?"

अब्बा बोटाने मागची काच दाखवायचे. माणूस ती काच बघायचा, त्याला वाटायचं आत कोणा पीरबाबाचा फोटो आहे, आणि हात जोडून निघून जायचा. ढीग तसाच राहायचा. आम्ही घरी सकाळ-संध्याकाळ टरबूज खात होतो, आणि टरबूज बघितलं की मला मळमळायला लागलं होतं.

तोड काढली ती अम्माने. एका सकाळी तिने मला काच खाली उतरवायला लावली आणि म्हणाली, "वाच पुन्हा. नीट वाच."

मी वाचलं.

"विकायचं अख्खं. बरोबर? कापायचं कोणी, ते लिहिलंय का कुठे?"

"नाही."

"मग झालं तर!" म्हणाली, आणि घरातला मोठा चाकू सुतळीने दुकानाच्या खांबाला बांधून आली.

त्या दिवसापासून स्टँडवर अम्माचा आवाज घुमायला लागला. "भिडू पाहिजे, भिडू! ओ ढाणकीवाले भाऊ, टरबूज खाता का? एक फाक तुमची, एक ह्या माउलीची. अजून भिडू पाहिजे!" गाडीला वेळ असलेले अनोळखी प्रवासी मिळून एक अख्खं टरबूज विकत घ्यायचे आणि आमच्याच सुतळीच्या चाकूने स्वतः कापायचे. आम्ही फळाला हात लावत नव्हतो. तांड्यावरची बंजारा बाई, शाळेतले मास्तर, ड्यूटीवरचा हवालदार, सगळे एका टरबुजाभोवती उभे, कोपरापर्यंत रस ओघळतोय. फाकांवरून भांडणं व्हायची, म्हणून कापणाऱ्याने सगळ्यांच्या शेवटी उचलायची असा नियम आपोआप पडून गेला. कापणारा मग इतक्या बरोबर फाका करायचा, की सोनाराने कराव्यात. बंडूशेठचा तीळपापड झाला. त्याने वानखडेंना हात धरून आणलं. वानखडे गरीब माणूस, दिवसभर माइकवर गाड्या पुकारायचे, भांडण म्हटलं की त्यांना घाम फुटायचा. त्यांनी परवाना वाचला, चाकू बघितला, डोकं खाजवलं. "शेठ, हे कायद्यात बसते बुवा," म्हणाले, आणि उरलेल्या एका फाकेचे भिडू झाले. मी त्या दिवशी इतकी हसले होते, की बंडूशेठने माझ्याकडे ज्या नजरेने पाहिलं ती मला अजून आठवते.

अम्माने अब्बांना एकच ताकीद दिली होती. टांकी लावायची नाही. "तो मेला टपून बसलाय. तुमच्या हाताने फळाला चाकू लागला की गेलं दुकान." अब्बांनी मान डोलावली. पण त्यांना ते जड जात होतं, हे मला दिसायचं. गिऱ्हाईक विचारायचं, लाल निघेल का, आणि अब्बांचा हात आपोआप चाकूकडे जायचा, मध्येच थांबायचा आणि पाठीमागे जायचा. "माझ्या जबानीवर घ्या," म्हणायचे, आणि गिऱ्हाइकाच्या डोळ्यांत बघायचे नाहीत.

एक दिवस दुपारी अम्मा भाकरी टाकायला घरी गेलेली होती, दुकानात अब्बा आणि मी. पांढऱ्या शर्टातला, काखेत पिशवी घेतलेला एक माणूस आला. एका टरबुजावर बोट ठेवलं.

"लाल निघेल?"

"निघेल, साहेब. माझ्या जबानीवर घ्या."

"तुमच्या जबानीचं काय लोणचं घालू? कापून दाखवा."

"कापायला मनाई आहे, साहेब. तुम्ही घ्या, चाकू इथं आहे, तुमच्या हाताने कापा."

"म्हणजे आधी घ्यायचं आणि मग बघायचं? वा! तुम्हा लोकांचा काय भरवसा हो? सुई टोचून आत रंग भरता म्हणे."

मी अब्बांकडे पाहिलं. 'जाऊ दे' म्हणणारा माझा बाप. खरकटं पाणी पायाखालून वाहिलं तरी जाऊ दे, पोरीसमोर कोणी अरेतुरे केलं तरी जाऊ दे. त्यांचे कान लाल झाले होते. त्यांनी सुतळीचा चाकू ओढला, टरबूज मांडीवर घेतलं, आणि तीन वारांत टांकी लावून चाकूच्या टोकावर तो तुकडा त्या माणसापुढे धरला. लालबुंद. टोकाशी दोन काळ्या बिया. "घ्या. चाखा. आणि सांगा, कुठं टोचली सुई?"

त्या माणसाने तुकडा घेतला, खाल्ला, बिया थुंकल्या, रुमालाने तोंड पुसलं. "गोड आहे," म्हणाला. मग पिशवीतून ओळखपत्र काढलं. वरच्या ऑफिसचे तपासणी साहेब! पुरावा खाऊन झाल्यावर पंचनामा करणारा माणूस मी तेव्हा पहिल्यांदा पाहिला. बंडूशेठ हात पुसत कँटीनमधून बाहेर आला. पंच म्हणून सही करायला त्याच्या खिशात पेनसुद्धा तयार होतं. टरबुजाच्या भोकात कागदाचा बोळा कोंबला, वर फडकं गुंडाळलं, गाठीवर लाख लावली आणि ते वानखडेंच्या लोखंडी कपाटात गेलं. दुकानाला कुलूप लागलं. अम्मा भाकरीचं फडकं घेऊन आली तेव्हा अब्बा बंद दुकानासमोर उभे होते, आणि चाकू सुतळीला लोंबत होता.

सुनावणीची तारीख पडली. तिच्या आधी एका संध्याकाळी वानखडे आमच्या घरी आले, अंगणातल्या बाजेवर बसले आणि घाम पुसत म्हणाले, "चाचा, एक रस्ता हाय. साहेबाशी बोलून आलो मी. तुम्ही फक्त लिहून द्या, की टरबूज सडकं होतं म्हणून फेकून द्यायले कापलं. मंग ते विक्रीत येत नाही. ताकीद देतील अन् दुकान उघडून देतील." कागद त्यांनी लिहूनच आणला होता. मी तो वाचून दाखवला: 'सदर टरबूज सडके असल्याने फेकून देण्यासाठी कापले.' खाली सहीची जागा. अम्माने वानखडेंना दुवा दिल्या, चहा दिला, त्यांच्या बायकोमुलांची चौकशी केली. अब्बा वानखडे गेल्यावर म्हणाले, "ते टरबूज लाल होतं."

"माहीत आहे लाल होतं," अम्मा म्हणाली. "सही करा."

"बागवान सडकं टरबूज दुकानात ठेवतो, वर गिऱ्हाइकाच्या तोंडाशी नेतो, असं मी माझ्या हाताने लिहून देऊ?"

"कागदावर तर लिहायचं आहे! टरबूज थोडंच वाचणार आहे ते!"

"लोक वाचतील."

"लोक तुमच्या चुलीत लाकडं घालणार आहेत? ही पोरगी कॉलेजात जायची आहे. दुकान गेलं तर काय खायचं? तुमची जबान उकडून खायची?" अम्मा रडत नव्हती. ती चिडली की तिचा आवाज बारीक व्हायचा, तसा बारीक झाला होता. तिने अब्बांचे पाय धरले, मग ते पाय ढकलून दिले. मीही ओरडले, "करा ना सही, अब्बा! तुमच्याने एवढंसुद्धा होत नाही का?" ते उठले, वजू केली आणि नमाजला उभे राहिले. आता नमाजाला उभ्या राहिलेल्या माणसाशी कोण भांडणार? अम्मा तरीही बराच वेळ भांडली.

सुनावणी वानखडेंच्या खोलीतच झाली. कपाट उघडलं आणि असा भपका आला, की साहेबांनी नाकाला रुमाल लावला. उन्हाळ्याचे दिवस. फडकं भिजून काळं पडलं होतं, फेस बाहेर आला होता. बंडूशेठ खिडकीशी सरकला. साहेब रुमालातूनच म्हणाले, "अहो, हे तर खरंच सडकं आहे! आता तर खोटं लिहायचाही प्रश्न नाही. चला, करा सही, मोकळे व्हा. मलाही गाडी गाठायची आहे." वानखडेंनी पेन पुढे केलं. मला वाटलं, सुटलो. मी अम्माचा हात धरला, तिने माझा दाबला. अब्बांनी पेन हातात घेतलं, कागदाकडे पाहिलं, टरबुजाकडे पाहिलं, आणि पेन परत ठेवलं.

"हे आज सडलं, साहेब. तुमच्या कपाटात सडलं. त्या दिवशी ते लाल होतं. तुम्हीच तर खाल्लं होतं. गोड आहे म्हणाला होतात."

साहेबांचा चेहरा असा पडला, की विचारू नका. बंडूशेठ खाली बघून हसत होता. पाचच मिनिटांत परवाना रद्द. काच उतरवून आतला कागद काढून घेतला, चौकट तेवढी आम्हाला परत दिली.

मी आजही म्हणेन, सही करायला हवी होती. लोकांना हे आवडत नाही. माझ्या लेकींना त्यांचे नानाजान फार मोठे वाटतात. त्यांनी उन्हात हातगाडी ढकलून बघावी. माझं कॉलेज त्या दुकानातून व्हायचं होतं, ते झालं नाही. लोकांचे ब्लाऊज शिवून शिवून मी घरी बसून परीक्षा दिल्या. बापाच्या सच्चेपणाचं कौतुक करायला पोट भरलेलं असावं लागतं, आणि तेव्हा आमचं नव्हतं. अम्मा तर अब्बांशी बोलेनाशीच झाली. समोरासमोर बसलेले असताना मला सांगायची, "तुझ्या बापाला विचार, भाकर पाहिजे का." अब्बा मला सांगायचे, "सांग तुझ्या अम्माला, अर्धी दे." मी मधल्या मध्ये निरोप्या. संपूर्ण उन्हाळा असा गेला. अब्बा नदीवरून टरबुजं आणायचे, आम्ही आठवडी बाजारात गाडी लावायचो. तिथं कोणी परवाना विचारत नव्हतं, पण तिथं गिऱ्हाईकही नव्हतं.

इकडे बंडूशेठच्या परवान्यात एक ओळ वाढली: 'व फळे, अख्खी तसेच कापलेली.' आमचंच दुकान त्याला मिळालं. जाळीखाली फाका मांडून तो विकायला लागला. त्याबद्दलही मी एक वेळ गप्प बसले असते.

पण बाजाराच्या एका दिवशी एक बाई आमच्या गाडीशी आली. टरबूज उचललं, वास घेतला, ठेवून दिलं. अब्बा मशिदीत गेलेले. अम्मा म्हणाली, "घे ना बाई, आजचाच माल आहे." ती बाई ओशाळून म्हणाली, "नको वो भाभी. तुमच्याकडचं सडकं असते म्हणे. त्याच्यानंच तर लायसन गेलं ना तुमचं? कँटीनवाले शेठ सांगून राह्यलेते."

जे लिहून द्या म्हणून अम्माने नवऱ्याचे पाय धरले होते, नेमकं तेच. मग तिने गाडीवरचं एक टरबूज उचललं, कमरेवर घेतलं आणि निघाली. ओढणीचा पदर मागे उडत होता. मी गाडी तशीच टाकून तिच्यामागे पळाले. बाजारातून सरळ स्टँडच्या फाटकातून आत, पुसदच्या फलाटावरून, थेट कँटीनसमोर. भज्यांच्या परातीशेजारी तिने ते टरबूज दाणकन ठेवलं.

"बोल! काय सांगत फिरून राह्यला तू गावाले? कोणाचं टरबूज सडकं होतं?"

"भाभी, हे स्टँड हाय. इथं तुमाले असं..."

"मले शिकवू नको काय हाय ते!" आमच्या जुन्या दुकानाच्या खांबाला आमचाच चाकू अजून सुतळीने लोंबत होता. तिने आधी सुतळी कापली, मग टरबूज. टांकी. बागवानाच्या घरात इतकी वर्षं काढून तिने ती कधी लावली नव्हती, ते काम पुरुषांचं. तिचा तिकोन वेडावाकडा आला. चाकूच्या टोकावर धरून तिने तो बंडूशेठच्या नाकासमोर नेला. "घे. खा. त्या साहेबानं खाल्लतं तसं खा, अन् मंग सांग सगळ्यायले, सडकं हाय का ते!"

गाडीची वाट बघणारे सगळे प्रवासी भोवती जमले. बंडूशेठ मागे सरकला. "वानखडे साहेब! बघा हो! हे बघा!" तो ओरडला. अम्मा त्याच्याहून मोठ्याने ओरडली, "हो, बोलवा त्यायले! परवाना नाही माझ्यापाशी, अन् फळ कापलं म्या! स्टँडच्या आत कापलं! करा पंचनामा!" वानखडेंची खोली समोरच होती, दार उघडं होतं. ते बाहेर आले नाहीत. माइक खरखरला आणि पुसदकडे जाणारी गाडी फलाटावर लागत आहे, असं त्यांनी पुकारलं. फलाटावर गाडी नव्हती.

शेवटी गर्दीतल्या एका म्हातारीने हात पुढे केला, चाकूवरचा तुकडा उचलला आणि तोंडात टाकला. "साखर हाय वो माय," म्हणाली. "लालबुंद हाय." अम्माने चाकू तिच्याच हातात दिला. "काप आजी. सगळ्यायले दे." बंडूशेठच्याच टेबलावर त्या टरबुजाच्या फाका झाल्या आणि कापणाऱ्या म्हातारीने सगळ्यांच्या शेवटी आपली उचलली. बंडूशेठने एवढं सगळं समोर झालं तरी फाक घेतली नाही, आणि लाल आहे असं तोंडाने म्हटलं नाही. नंतर इतकी वर्षं जगला, तरी म्हटलं नाही. म्हणून मी परवा म्हणाले, बरं झालं.

आम्ही बाजारात परतलो तेव्हा अब्बा गाडीपाशी उभे होते. कोणीतरी त्यांना आधीच सांगितलं होतं, गावात अशा बातम्यांना पाय लागत नाहीत. अम्माचे हात कोपरापर्यंत चिकट झाले होते, ओढणी खांद्यावर आली होती. अब्बांनी माझ्याकडे पाहिलं, मला निरोप सांगायचा म्हणून तोंड उघडलं, आणि मग माझ्याशी न बोलता तिलाच विचारलं, "लाल निघालं?"

अम्मा गाडीवरची टरबुजं सारखी करायला लागली. सगळी सारखी करून झाल्यावर म्हणाली, "तुम्हीच निवडलेलं होतं. विचारता कायले?"